रानसब्जाच्या शीटवरचं नाव

निर्मला,

तुझ्या पुण्यानुमोदनाला तुझ्या लेकीने, प्रज्ञाने, माझ्या हातात माईक दिला. वंदना झाली होती, भन्तेजी बोलून झाले होते, गल्लीत टाकलेल्या मांडवातले दोन पंखे घरघरत होते आणि इंदोऱ्यातली तुझी सगळी माणसं माझ्याकडे बघत होती, की आता कॉलेजच्या मॅडम बोलतील. आणि मी काय बोलले असेन? "निर्मलाताई अत्यंत प्रामाणिक आणि कर्तव्यतत्पर प्रयोगशाळा परिचर होत्या. त्यांच्या जाण्याने वनस्पतिशास्त्र विभागाची भरून न येणारी हानी झाली आहे." झालं. माईक परत दिला आणि बसले. सव्वीस वर्षं जिच्याबरोबर टेकड्या पालथ्या घातल्या, तिच्याबद्दल मी निरोप समारंभात बोलतात तसं बोलले. तू मांडवात असतीस तर तोंडाला पदर लावून हसली असतीस. मला मात्र तिथल्या तिथे जमिनीत गडप व्हावंसं वाटलं.

म्हणून हे लिहिते आहे. बोलताना मी एकतर चिडते नाहीतर पुस्तकी होते, हे तूच मला कितीदा सांगितलंस.

चार दिवसांनी प्रज्ञाचा फोन आला. तुझी लेक तुझ्यासारखीच, आधी माझ्या गुडघ्यांची चौकशी केली आणि मग मुद्द्यावर आली. "मॅडम, कॉलेजात आईच्या नावाचं काही असन का? एखादा कागद, एखादा बोर्ड? फोटो काढून घरात लावीन म्हणते. पोरीले दाखवाले." मी म्हटलं, "पाहून सांगते गं." फोन ठेवला आणि पलंगाच्या काठावर बसून राहिले. पाहायची काही गरजच नव्हती. हजेरीचे मस्टर केव्हाच रद्दीत गेले. विभागातल्या लोखंडी कपाटांत हजारभर शीट आहेत. म्हणजे जाड पांढऱ्या कागदावर शिवून ठेवलेल्या वाळक्या वनस्पती, हे प्रज्ञाला नंतर मला समजावून सांगावं लागलं, तू घरी कधी काही बोलली नव्हतीस. त्यातल्या निम्म्याहून जास्त तू शोधलेल्या, सगळ्या तू दाबलेल्या, सगळ्या तू शिवलेल्या. प्रत्येकीच्या उजव्या कोपऱ्यात लेबल आहे आणि लेबलावर 'संग्राहक' असा रकाना आहे. त्या रकान्यात सगळीकडे माझं नाव आहे.

बाकीच्यांचं जाऊ दे. पण एका शीटवर तुझं नाव असायला हवं होतं. तू ते तोंडाने मागितलं होतंस आणि मी दिलं नाही. मला तुझ्याशी बोलायचं आहे ते एवढ्याचसाठी.

आठवतं, आपलं बोलणं दोन तऱ्हांचं असायचं? कॉलेजच्या फाटकाच्या आत मी 'मॅडम' आणि 'तुम्ही'. तू स्टुलावर बसायचीस, मी खुर्चीवर. आणि पारशिवनीची एसटी मोमिनपुरा ओलांडून पुढे लागली, की तू खिडकीला डोकं टेकून म्हणायचीस, "हं, सांग वं शैला, सासू काय म्हणते तुही?" कुणी ठरवलं नव्हतं हे. पहिल्या सहलीला, गाडीत पोरं मागे गाणी म्हणत होती आणि तू मला सहज 'वं' म्हणून गेलीस. मग दचकलीस. मी तुझ्या हातातल्या शेंगा घेतल्या, आणि ते तसंच सुरू राहिलं. परतताना फाटक आलं की तू पदर नीट करून पुन्हा 'मॅडम' व्हायला लावायचीस मला. मला ती आपली गंमत वाटायची. तुला काय वाटायचं ते मी विचारलं नाही.

डबा मात्र आपण एकच खायचो. तुझ्या डब्यात भाकर, सुकी वांगी आणि तो तुझा ठेचा, जो खाल्ल्यावर मला अर्धा तास लॅटिन नावं आठवायची नाहीत. माझ्या घरी जुन्या महाल भागातल्या वाड्यातून आलेले सोवळ्याओवळ्याचे नियम होते, सासूबाई असेपर्यंत तुझ्यासाठीचा कप वेगळा होता, हे तुला कळलं होतं आणि तू आमच्या प्रताप नगरच्या घरी पाऊल टाकणं बंद केलंस. मी त्याबद्दल घरी एकदा भांडले आणि मग गप्प बसले. त्याची भरपाई म्हणून की काय, टेकडीवर तुझ्या डब्यातलं मी हावरटासारखं खायची. तुझ्या डब्यातलं खाते याचा मला केवढा अभिमान होता, बाई! वाटायचं, आता आपल्यात काही अंतर उरलंच नाही. लेबलं मात्र घरी जाऊन मी एकटी टाइप करायची.

तुझ्या माहेरच्या गावामागची ती बरड. पारशिवनीच्या पुढे उतरून तासभर पायी. नुसता मुरूम, खुरटी झुडपं, आणि तू लहानपणी जिथे शेळ्या राखल्यास ती उतरण. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी कॉलेजला सुट्टी असते, सगळं नागपूर मारबतींची मिरवणूक बघायला जातं, आणि आपण दोघी नमुने दाबायचा लाकडी प्लँट प्रेस खांद्याला लावून एसटीत. त्या वर्षी विद्यार्थीही नव्हते. तू पुढे, मी धापा टाकत मागे. मध्येच तू थांबलीस आणि म्हणालीस, "हे पाह्य वं. रानसब्जा."

वीतभर उंचीचं रोप. चौकोनी खोड, म्हणजे पुदिना-तुळशीच्याच कुळातलं, हे पोराटोरालाही कळावं. सहा-सहा फुलांचे मजले एकावर एक, फूल फिकट जांभळं, इतकं फिकट की उन्हात पांढरंच दिसावं. खालचा ओठ जरा पुढे काढलेला, रुसलेल्या पोरीसारखा. मी पान चुरडून वास घेतला. फारसा वास नाही. "याले वास नसते," तू म्हणालीस, "पण याच्यावर माशा पाह्य किती." खरंच, मधमाश्यांची नुसती गर्दी होती. आणि तुझं तोंड असं उजळलं होतं, जणू माहेरचं माणूस भेटलं. तुझ्या माईने ठेवलेलं ते नाव, रानसब्जा. दुसरं नाव गावात कुणालाच ठाऊक नव्हतं.

मी खुरपं काढलं. आणि तिथे आपलं भांडण झालं. ते आजपर्यंत मिटलेलं नाही.

"काहून उपटून राहिली वं?"

"नमुना मुळासकट घ्यायचा असतो. तुला ठाऊक नाही का? बारा वर्षं काय शिवतेस मग?"

"फुलं घे, पानं घे. मूळ राहू दे. मुळावरच तर ते परत येते."

"ते परत येत नाही. हे एकवर्षायू आहे. बी पडतं, त्यातून पुढच्या वर्षी नवं उगवतं. हे जातं मरून."

"मरत नाई."

"उन्हाळ्यात ही बरड बघितली आहेस ना? काडी उरत नाही इथे. जाळ लागतो दरवर्षी."

"मी नाई पाहिली तं कोनं पाहिली? मी सांगून राहिली ना, मरत नाई ते. लपते."

मी संतापले. मला वनस्पतीबद्दल कुणी 'लपते' वगैरे म्हटलं की संताप यायचा. विद्यार्थ्यांचे मार्क कापायची मी यासाठी. पण तू खुरप्याची मूठ धरून ठेवलीस आणि सोडलीच नाहीस. शेवटी मीच माघार घेतली, तीही किती खवचटपणे! "ठीक आहे, निर्मलाताई म्हणतात तर मूळ नको." तू जमिनीलगत नखाने फांदी खुडलीस, वर्तमानपत्राच्या घडीत ठेवलीस, पान पालथं पडू नये म्हणून दोनदा सारखं केलंस, आणि मला म्हणालीस, "चल, भाकर खाऊ. भुकेनं तू जास्तच बोलतं."

पुढे चैत्रात तू मला पुन्हा तिकडे नेलंस. मला यायचं नव्हतं. बेचाळीस डिग्रीत कोण शहाणं माणूस टेकडी चढतं? पण तू आठवडाभर मागे लागली होतीस. बरड जळून काळी पडली होती. चपलेखाली राख. तू सरळ चालत गेलीस, ना खूण ना दगड, आणि एका जागी फतकल मारून बसलीस. बोटाने राख बाजूला केलीस, मग मुरूम उकरलास, आणि म्हणालीस, "ये इकडे, शास्त्रज्ञ."

खाली गाठ होती. आल्याच्या गड्ड्यासारखी, लाकडी, काळपट. तू नख लावून तिचा जरासा पापुद्रा काढलास. आतून ओली, पांढरी. जिवंत. वर सगळं जळून खाक झालेलं आणि खाली ती गाठ निवांत. माझ्या अंगावर काटा आला, आणि मी काय म्हणाले? "हं. आहे खरी." एवढंच. तू ती पुन्हा झाकलीस, वर हाताने थोपटलंस, पोराच्या पाठीवर थोपटावं तसं. बाटलीतलं प्यायचं पाणीही थोडं ओतलंस, ज्याची त्या गाठीला अजिबात गरज नव्हती, आणि मी तेही तुला सांगितलंच.

घरी येऊन मी पुस्तक उघडलं. बहुवर्षायू, मुळाशी लाकडी गाठ, असा रस्ता धरला तेव्हा नाव अचूक लागलं. ऑर्थोसायफन. मी आधी त्याला भलत्याच जातीत घालून बसले होते, आणि ती गाठ पाहिली नसती तर त्याच चुकीच्या नावाने ते कपाटात गेलं असतं. काही नवा शोध नव्हता हा, पुस्तकात ते होतंच. पण आपल्या कॉलेजच्या संग्रहात ती जात नव्हती. तू नसतीस तर आलीच नसती. मी इतकी खूश झाले की त्या रात्री जेवायचंही भान राहिलं नाही, आणि त्याच खुशीत लेबल टाइप केलं. ठिकाण: पारशिवनीजवळील टेकडी. संग्राहक: मी. हात ठरलेल्या सवयीने चालला, असं मी स्वतःला पुष्कळ वर्षं सांगितलं.

दुसऱ्या दिवशी ते लेबल चिकटवायला मी तुलाच दिलं. तू शीट शिवून ठेवली होतीस, दुहेरी पांढऱ्या दोऱ्याने, खोडाला कुठेही ताण नाही, टाके दिसतही नाहीत असे. लेबलाला डिंक लावलास, बसवलंस, वर जुनं वर्तमानपत्र ठेवून तळहाताने दाबलंस. मग हात पुसलेस. आणि माझ्या टेबलाशी येऊन उभी राहिलीस.

"मॅडम, एक विचारू?"

"विचारा."

"त्या रानसब्जाच्या कागदावर माझं नाव टाकता येईल का? तुमच्या खाली. दुसऱ्या कशावर नको. त्याच्यावर फक्त."

निर्मला, तू हे एसटीत विचारलं असतंस, 'शैला वं, माहं बी नाव टाक' असं, तर मी लगेच हो म्हटलं असतं, असं मला वाटत आलं आहे. खरं-खोटं देव जाणे. तू फाटकाच्या आत विचारलंस, उभं राहून, 'तुम्ही' म्हणून. आणि मीही खुर्चीतून उत्तर दिलं. मला भीती वाटली, हे आज कबूल करते. एका शीटवर तुझं नाव आलं तर कुणी विचारेल, मग बाकीच्यांवर का नाही? ती बाई तर प्रत्येक सहलीला असते. मग माझी बढती, माझी यादी, 'मॅडमनी उभा केलेला संग्रह' असं जे प्राचार्य पाहुण्यांना सांगायचे ते, या सगळ्याचं काय? हे सगळं एका क्षणात मनात आलं, आणि तोंडातून शिक्षिकेचा आवाज आला.

"निर्मला, एकदा लावलेलं लेबल बदलायचं नसतं. नियम असतो तसा."

"बरं मॅडम," तू म्हणालीस, आणि डिंकाची बाटली बंद करायला गेलीस.

नियम आहे तो. खोटा नाही. पण अर्धा आहे. मूळ लेबल काढायचं नाही, खोडायचं नाही, हे खरं, पण चुकलेलं दुरुस्त करायला त्याच्या शेजारी वेगळी चिठ्ठी लावता येते. दुरुस्ती काय, कुणी केली, कधी केली, एवढं लिहायचं आणि खाली सही. हे मी दरवर्षी एमएस्सीच्या वर्गात फळ्यावर लिहून शिकवत आले. अर्धा नियम तुला सांगितला आणि अर्धा गिळला.

मला वाटलं, तुला काय कळतंय त्यातलं. याचीच मला जास्त लाज वाटते. कारण त्याच आठवड्यात बाहेरगावचे एक तज्ज्ञ आपला संग्रह बघायला आले. त्यांनी चार गवतांची नावं दुरुस्त केली, चार चिठ्ठ्या लिहून दिल्या, आणि मी तुला हाक मारून म्हटलं, "निर्मला, सरांच्या ह्या चिठ्ठ्या जुन्या लेबलांशेजारी लावा." तू लावल्यास. एकेक करून, नीट, कोपरे दाबून. अशा चिठ्ठ्या तू त्याआधी पन्नास तरी लावल्या असतील. मी टेबलावरून तुझ्याकडे बघत होते. तू मान वर केली नाहीस. तेव्हा मला समजलं, की मी 'नियम आहे' म्हणाले तेव्हाच तुला समजलं होतं.

एकदा तरी भांडायचं होतंस गं! खुरप्याची मूठ धरलीस तशी माझी मान धरायची होतीस. मुळासाठी भांडलीस, स्वतःसाठी का नाही? हा राग माझा तुझ्यावर अजून आहे. आणि राग आहे म्हणताना मला हेही कळतं, की भांडण तू करायला हवं होतंस असं म्हणणं किती सोयीचं आहे माझ्या.

त्यानंतरही आपण चौदा वर्षं हिंडलो. तू तशीच राहिलीस. खिडकीशी बसून सासूची चौकशी, मग सासू गेल्यावर सुनेची. मला चष्मा सापडत नसला की तो माझ्या डोक्यावर असल्याचं सांगणं. माझे मिस्टर गेले तेव्हा तू पहिल्यांदा परत प्रताप नगरच्या घरी आलीस, सरळ स्वयंपाकघरात गेलीस, चहा टाकलास, आणि हाताला लागेल त्या कपात ओतून मला दिलास, स्वतःही घेतलास. मी तुझ्या खांद्यावर डोकं ठेवून जे रडले, तसं बहिणीपाशीही रडले नव्हते. तेव्हा तरी सांगायचं होतं. 'निर्मला, त्या शीटवर चिठ्ठी लावू या' एवढं वाक्य. पण त्या वेळी ते बोलणं म्हणजे चहाची परतफेड केल्यासारखं झालं असतं, असं काहीतरी कारण मी काढलं. कारणं काढण्यात माझा हात कुणी धरणार नाही.

मग मी निवृत्त झाले, वर्षाने तू. मग फोन. मग तुझं ते दुखणं, जे तू अंगावर काढलंस आणि शेवटी प्रज्ञाने जबरदस्तीने दाखवलं. मी दवाखान्यात आले तो शेवटचा दिवस आपला असेल, असं मला वाटलंच नव्हतं. तू खूप बारीक झाली होतीस. पांघरुणाखाली तू आहेस की नाही, असं वाटावं इतकी. मला बघून हसलीस आणि म्हणालीस, "अवंदा फुलला असन का वं रानसब्जा?"

दवाखान्यात, नर्सच्या समोर, तू मला 'वं' म्हणालीस. आजूबाजूचे सगळे ऐकत असताना पहिल्यांदा.

शब्द अगदी ओठांवर आले होते माझ्या. 'तुझं नाव लावते, निर्मला.' आणि मी काय बोलले? "आधी ते सूप संप. नुसतं चिवडत बसली आहेस." तू एक चमचा घेतलास, माझं मन राखायला. मी म्हटलं, बरी झालीस की जाऊ, या पोळ्याला नक्की. तू म्हणालीस, "तुहे गुडघे?" मी म्हटलं, "मरो ते गुडघे." दोघी हसलो. घरी येताना रिक्षात मी ठरवलं, परवा येते तेव्हा सांगायचंच. परवा सकाळी प्रज्ञाचा फोन आला.

पोळा होऊन आठ दिवस झाले. मी गेले नाही. गुडघे आहेतच, पण खरं कारण ते नाही. मला ती जागा सापडणार नाही, निर्मला. लेबलावर मी लिहिलं आहे, 'पारशिवनीजवळील टेकडी'. तिथे अशा वीस टेकड्या आहेत. एवढं मोघम का लिहिलं? कारण मला त्याहून जास्त माहीतच नव्हतं! मी तुझ्या पाठीकडे बघत चालायची. कुठून वळलो, कोणत्या नाल्यावर डावीकडे गेलो, कधी लक्षच दिलं नाही. रानसब्जा आता तिथे फुललेला असेल. जळालेल्या बरडीखालून उठून, सहा-सहा फुलांचे मजले घेऊन. आणि तो कुठे आहे हे सांगणारी बाई नाही. मला किती यायचं आहे गं तिथे, तुझ्या मागे धापा टाकत! तू वळून 'चल ना वं, म्हातारी झाली का' म्हणावंस, आणि मी चिडावं. दिवसभर माझ्या डोक्यात दुसरं काही नसतं. बाजारात पुदिन्याची जुडी घेतली तरी बोटं खोडाच्या चार कडा चाचपतात आणि मी भाजीवालीसमोर तशीच उभी राहते.

काल कॉलेजात गेले. आपलाच एक विद्यार्थी आता विभागप्रमुख आहे. फार अगत्याने त्याने कपाट उघडून दिलं. पुदिना-तुळशीचं आपलं कुळ खालून तिसऱ्या खणात, होतं तिथेच. शीट काढली. फुलांचा रंग गेला आहे, सगळं चहाच्या रंगाचं झालं आहे, पण एकही टाका सुटलेला नाही. खोड जिथे तू नखाने खुडलंस ती जागा स्वच्छ दिसते. मुळाच्या जागी मोकळा कागद. बघ, मूळ नसलेला नमुना अपुराच दिसतो, माझं म्हणणं मी सोडलेलं नाही. पण ते मूळ तिथे कागदावर नाही म्हणून आज टेकडीवर आहे, हे तुझं म्हणणं मला आता पटतं. उशिरा पटलं, ओरडू नकोस.

चिठ्ठी मी घरूनच लिहून नेली होती. हाताने, वळणदार अक्षरात, बोरूने लिहावं तशी सावकाश. 'ही वनस्पती निर्मला यांनी शोधली, ओळखली आणि गोळा केली. ती बहुवर्षायू असल्याचं त्यांनी मुळाची गाठ दाखवून सिद्ध केलं. मूळ लेबलावरील संग्राहकाची नोंद चुकीची आहे.' तुझं पूर्ण नाव प्रज्ञाला विचारून घेतलं, सासरचं आणि माहेरचं दोन्ही लिहिलं, कारण ती टेकडी तुझ्या माहेरची आहे. स्थानिक नाव: रानसब्जा, असंही लिहिलं. खाली माझी सही केली. तारखेची जागा मोकळी ठेवली होती.

विभागप्रमुखाने चिठ्ठी वाचली. मग माझ्याच भल्यासाठी, हळू आवाजात म्हणाला, "मॅडम, तारीख जुनीच टाका ना. तेव्हाची. कोण पाहून राहिलं? नाहीतर उगाच लोक विचारतील, इतकी वर्षं का नाही लावली."

खरं सांगते, पेन एक क्षण थांबलं माझं. जुनी तारीख टाकली असती तर फोटोत सगळं छान दिसलं असतं. प्रज्ञाच्या भिंतीवर तो फोटो लागला असता आणि तुझ्या नातीला वाटलं असतं, की आजीच्या मॅडम किती चांगल्या, लगेच नाव लावलं. मला ते हवंहवंसं वाटलं. मग मी कालचीच तारीख टाकली. मोठ्या अक्षरात, वर्षासकट. एका कोपऱ्यात लेबलाची तारीख आणि शेजारी ही. मधली वर्षं ज्याला मोजायची त्याने मोजावीत. पन्नास वर्षांनी कुणी हे कपाट उघडेल आणि विचारेल, एवढा वेळ ही बाई काय करत होती? विचारू दे. प्रज्ञाही विचारेल, आणि मी तिला फाटक, खुर्ची, अर्धा नियम, सगळं सांगणार आहे. त्यानंतर तिला तो फोटो भिंतीवर लावावासा वाटला नाही, तर तेही मला ऐकून घ्यावं लागेल.

डिंक लावला. चिठ्ठी जरा तिरकी बसली. तू असतीस तर काढून परत लावायला लावली असतीस. वर वर्तमानपत्र ठेवून तळहाताने दाबलं आणि वाळेपर्यंत तिथेच स्टुलावर बसून राहिले, तुझ्या. प्रयोगशाळेत कुणी नव्हतं. शिपायाने दोनदा डोकावून पाहिलं. चिठ्ठी केव्हाच वाळली होती, तरी मी हात उचलत नव्हते. उचलला की काम संपणार होतं, आणि मग आपल्या दोघींचं मिळून करायचं असं काहीच उरणार नव्हतं.